जमीन बायकोच्या नावावर केली तर वाचेल का?

एका वाचकाच्या पत्रातली हकिकत, नाव वगळून, अशी. लिहिणारे गृहस्थ भोसरीत भाड्याच्या गाळ्यात धातूचे भाग कापणारी दोन संगणकनियंत्रित (व्हीएमसी) मशीन चालवतात आणि मोठ्या कारखान्यांची जॉबवर्कची कामं घेतात. २०२२ च्या अखेरीस त्यांनी एका बिगरबँक वित्तीय कंपनीकडून धंद्यासाठी ३५ लाखांचं विनातारण कर्ज उचललं. सहकर्जदार म्हणून पत्नीची सही झाली. त्या एका खासगी शाळेत शिकवतात. दीड-पावणेदोन वर्षं हप्ते वेळेवर गेले. मग मुख्य ग्राहकाकडे १९ लाखांची बिलं अडकली, हप्ते मागेपुढे होऊ लागले आणि शेवटी थांबले. कंपनीने आधी सगळं कर्ज एकदम परत मागणारी नोटीस पाठवली: मुद्दल, व्याज, दंड धरून ३१ लाख. त्यानंतर व्हॉट्सॲपवर १४० पानांची पीडीएफ आली. मुंबई उच्च न्यायालयात लवाद (म्हणजे कोर्टाऐवजी वाद सोडवायला नेमलेला पंच) कायद्याच्या कलम ९ खाली याचिका, आणि सोबत एक आदेश: नवरा-बायको दोघांनी चार आठवड्यांत आपापल्या मालमत्तेचं प्रतिज्ञापत्र द्यायचं, आणि चिखलीतला फ्लॅट विकायचा, गहाण टाकायचा किंवा कोणाच्या नावावर करायचा नाही.

शिरूर तालुक्यातली पाऊण एकर जमीन मात्र आदेशात नाही. मेहुणे म्हणतात, 'प्रतिज्ञापत्राच्या आधी ती ताईच्या (म्हणजे पत्नीच्या) नावावर बक्षीसपत्राने करून टाका.' शेजारच्या गाळ्यातले मित्र म्हणतात, 'लवाद त्यांचाच असतो, जाऊच नका.' पत्नीला यातलं काहीच सांगितलेलं नाही. वाचक विचारतात: कोर्टाने निकाल दिलाच आहे, तर निदान जमीन तरी कशी वाचवू? आणि अटक होईल का?

नमस्कार.

अटकेचं आधी सांगते, म्हणजे पुढचं शांतपणे वाचता येईल. कलम ९ ची याचिका ही दिवाणी कारवाई आहे. कर्ज थकलं म्हणून त्यात कोणाला तुरुंगात टाकत नाहीत. आदेश मोडला तर गोष्ट वेगळी, त्याकडे मी येतेच. चेक किंवा हप्त्याचा ई-मँडेट (खात्यातून हप्ता आपोआप कापायची परवानगी) न वटल्याबद्दल कंपनीने फौजदारी तक्रार केली असेल, तर तिचं कोर्ट वेगळं आणि तारखाही वेगळ्या. तसं समन्स आलं असेल तर ते या पीडीएफच्या गठ्ठ्यात हरवू देऊ नका.

आता 'निकाल दिलाच आहे' याबद्दल. तुम्ही लिहिलंत, 'कोर्टाने ३१ लाख भरायला सांगितले आहेत.' सोबत पाठवलेला आदेश मी दोनदा वाचला, त्यात तसं कुठेही नाही. तुमची गफलत कुठे झाली तेही दिसतं, आणि ती बहुतेकांची होते. त्या १४० पानांतली जवळपास सगळी पानं कंपनीच्या वकिलांनी लिहिलेली याचिका आणि तिची जोडपत्रं आहेत. याचिकेच्या शेवटी कंपनीला काय काय हवं ते ए, बी, सी, डी असं ओळीने मांडलेलं असतं. वकील त्याला 'प्रेयर क्लॉज' म्हणतात. तुमच्या याचिकेत 'ए' मध्ये ३१ लाख कोर्टात जमा करावेत किंवा तेवढ्याची बँक गॅरंटी द्यावी अशी मागणी आहे. 'बी' मध्ये मालमत्तेची माहिती, 'सी' मध्ये फ्लॅटवर मनाई, 'डी' मध्ये बँक खाती गोठवणं. न्यायाधीशांचा आदेश फक्त दोन पानांचा आहे आणि त्यातलं कळीचं वाक्य एवढंच: 'बी' आणि 'सी' प्रमाणे तात्पुरता आदेश. म्हणजे तुमची झोप उडवणारा ३१ लाखांचा आकडा अजून कंपनीच्या मागणीत आहे, कोर्टाच्या तोंडी नाही. 'ए' आणि 'डी' वर पुढच्या तारखेला दोन्ही बाजू ऐकल्या जातील. असा कागद ज्यांच्या हाती येईल त्यांनी सगळ्यात आधी हेच करावं: आदेश आणि याचिकेचं शेवटचं पान शेजारी ठेवून कुठलं अक्षर मंजूर झालंय ते पाहावं. आणि आदेश व्हॉट्सॲपवर आलेला खरा आहे का, ही शंका असेल तर उच्च न्यायालयाच्या संकेतस्थळावर केस नंबर टाकून तो फुकट उतरवता येतो. नंबराच्या मध्ये 'एल' दिसला तर घाबरू नका, तो दाखल करतानाचा लॉजिंग नंबर असतो.

कंपनी या वाटेने का आली, तेही समजून घ्या. घर तारण असतं तर बँका तारण मालमत्ता थेट ताब्यात घेऊ देणाऱ्या सरफेसी कायद्याखाली येतात तशी ती आली असती. तुमचं कर्ज विनातारण, ती सोय नाही. करारात लवादाचं कलम आहे, पण लवाद नेमला जाऊन निवाडा, म्हणजे त्याचा निकाल, यायला वेळ लागतो; दोन्ही बाजूंची कैफियत (लेखी म्हणणं) पूर्ण झाल्यावर १२ महिने तर कायद्यानेच दिलेले आहेत. तोवर कर्जदाराने सगळं विकून टाकलं तर हातात येणारा निवाडा घेऊन करायचं काय, ही सावकाराची भीती खोटी नाही. त्यासाठीच १९९६ च्या लवाद कायद्यात कलम ९ आहे. लवाद सुरू होण्याआधी, चालू असताना किंवा निवाडा झाल्यावर वसुली व्हायच्या आत कोर्टात जाऊन वादातली रक्कम सुरक्षित करून मागता येते. तुम्ही देणं लागता की नाही, किती लागता, हा निकाल हे कोर्ट देणारच नाही. तो लवादाचा. कोर्ट पाहतं ते असं: सकृद्दर्शनी कंपनीची बाजू किती भक्कम आहे, आदेश दिला नाही तर कोणाचं जास्त आणि न भरून येणारं नुकसान होईल, आणि हा माणूस मधल्या काळात मालमत्ता बाजूला काढेल का.

या शेवटच्या प्रश्नावर तुमची सगळी केस उभी आहे, म्हणून इथे जरा रेंगाळते.

दिवाणी प्रक्रिया संहितेत आदेश ३८ नियम ५ नावाची तरतूद आहे. निकालाआधी प्रतिवादीची मालमत्ता जप्त करायची किंवा त्याच्याकडून तारण मागायचं, तर तो वसुली टाळायच्या इराद्याने मालमत्ता विकायला किंवा हलवायला निघाला आहे, असं कोर्टाला पटवून द्यावं लागतं. विनातारण दिलेल्या कर्जाचं तारण कर्ज करून घ्यायला हे हत्यार वापरू नये, असं सर्वोच्च न्यायालयाने रमण टेक प्रकरणात बजावलेलं आहे. आता प्रश्न असा की कलम ९ खाली आलेल्या सावकाराला ही अट लागू होते का? सप्टेंबर २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्याच दोन खंडपीठांचे निकाल पंधरा-सोळा दिवसांच्या अंतराने आले आणि वकिलांना दोन्हीकडे बोट दाखवायची सोय झाली. १४ सप्टेंबरला एस्सार हाउस प्रकरणात, जे आपल्या मुंबई उच्च न्यायालयातूनच वर गेलं होतं, असं ठरलं की कलम ९ चं कोर्ट संहितेच्या प्रत्येक तांत्रिक अटीला जखडलेलं नाही. बाजू भक्कम असेल तर मालमत्ता हलवली जात असल्याचा काटेकोर पुरावा नाही एवढ्यावरून हात आखडायची गरज नाही, ती घटण्याची शक्यताही पुरते. ३० सप्टेंबरला सांघी इंडस्ट्रीज प्रकरणात दुसऱ्या खंडपीठाने म्हटलं की रक्कम सुरक्षित करण्याचा आदेश हवा असेल तर नियम ५ च्या अटी भरल्याच पाहिजेत. कंपनीचे वकील पहिला निकाल वाचतील, तुमचे दुसरा. मधली वाट न्यायाधीश प्रकरण पाहून काढतात, आणि त्या पाहण्यात तुमची वागणूक येते.

मेहुण्यांचा सल्ला आता या चौकटीत ठेवून बघा. आज कंपनीच्या याचिकेत तुम्ही मालमत्ता विकायला निघालात याचा पुरावा काय आहे? एक परिच्छेद: 'याचिकाकर्त्यांना अशी धास्ती वाटते की...' असलं वाक्य अशा शंभर याचिकांत शब्दशः सापडेल. तुमच्या विरोधात ठोस काही नाही. तुम्ही शिरूरच्या दुय्यम निबंधकाकडे जाऊन बक्षीसपत्र नोंदवलंत, की आदेशानंतरच्या तारखेचा, तुमच्या सहीचा, सरकारी शिक्क्याचा पुरावा तुम्हीच त्यांना करून दिलात. कंपनीला तो शोधायला गुप्तहेर लागत नाही. नोंदणी विभागाचा ऑनलाइन सर्च आहे, सातबारा घरबसल्या दिसतो, फेरफाराला तारीख असते. पुढच्या तारखेला त्यांचे वकील इंडेक्स-२ ची, म्हणजे त्या नोंदणीच्या उताऱ्याची, प्रत न्यायाधीशांपुढे ठेवतील, आणि ज्या 'ए' वर तुम्ही जिंकू शकला असतात ती मागणी त्या एका कागदावर मंजूर होऊ शकेल.

आदेशात जमिनीचा उल्लेख नाही हे खरं आहे. म्हणून बक्षीसपत्राने थेट अवमान होणार नाही, असं मेहुणे म्हणत असतील तर शब्दांपुरतं ते बरोबर असेल. पण धनकोंना (ज्यांचे पैसे देणं आहे त्यांना) बुडवायच्या हेतूने केलेलं हस्तांतरण धनकोच्या सांगण्यावरून रद्द होऊ शकतं, ही तरतूद मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५३ मध्ये आहे, आणि हेतू शोधायला इथे कोणाला लांब जावं लागणार नाही. शिवाय प्रतिज्ञापत्रात तुम्ही काय लिहिणार? जमीन होती, गेल्या आठवड्यात दिली? की काहीच नाही? दुसरं लिहिलंत तर शपथेवर खोटं बोललात, आणि पत्राच्या शेवटी तुम्हाला जी भीती वाटत होती ती तेव्हा खरी होऊ शकते.

एक गोष्ट मात्र मेहुण्यांच्या आणि तुमच्याही नजरेतून पूर्ण सुटली आहे. ज्यांच्या नावावर जमीन करायची त्या ताई याच याचिकेत प्रतिवादी क्रमांक २ आहेत. सहकर्जदार म्हणून त्यांची जबाबदारी तुमच्याइतकीच. जमीन एका प्रतिवादीच्या खिशातून काढून दुसऱ्या प्रतिवादीच्या खिशात ठेवून वाचणार कशी? रागावू नका, पण घरातल्या शहाण्या माणसांचे कायद्याचे सल्ले बहुधा असेच असतात: जोखीम सगळी तुमची आणि फायदा शून्य.

आता त्या ताईंबद्दल. तुम्ही लिहिता, 'ती टेन्शन घेईल म्हणून सांगितलं नाही.' कर्जाच्या अर्जात पत्नीचा म्हणून तुम्ही स्वतःचाच दुसरा मोबाइल नंबर दिला होता, त्यामुळे त्यांची नोटीसही तुमच्याच फोनवर आली, हेही तुम्ही लिहिलंय. कोर्टाच्या लेखी मात्र नोटीस त्यांना मिळाली. चार आठवड्यांत त्यांना स्वतःच्या नावाने, स्वतःच्या मालमत्तेचं, शपथेवर प्रतिज्ञापत्र द्यायचं आहे. नोटरीसमोर त्यांना उभं राहावंच लागेल. त्या दिवशी सही करताना कळण्यापेक्षा आज रात्री जेवणानंतर कळलेलं बरं. त्यांना वेगळा वकील असावा का, हाही विचार करा. त्यांनी एक रुपया वापरला नसेल, धंदा तुमचा एकट्याचा असेल, तर त्यांची बाजू तुमच्यापेक्षा थोडी वेगळी मांडता येते. सहीची जबाबदारी त्याने संपत नाही, पण त्यांच्या पगाराच्या खात्यावर मनाई नको, हे सांगायला ती उपयोगी पडते. वकिलाच्या फीची चिंता असेल तर विधी सेवा प्राधिकरण कायद्याखाली स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. मुंबई उच्च न्यायालयात त्यासाठी स्वतंत्र विधी सेवा समिती आहे, आणि चौकशीचा देशभराचा क्रमांक १५१००. ही सोय फार थोड्या बायकांना माहीत असते.

प्रतिज्ञापत्रात सगळं लिहायचं म्हणजे सगळं गेलं, असं मात्र समजू नका. माहिती देणं वेगळं आणि जप्ती वेगळी. उद्या निवाडा तुमच्याविरुद्ध गेला तरी दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ६० काही गोष्टींना हात लावू देत नाही: कपडे, भांडीकुंडी, अंथरूण-पांघरूण, रिवाजाने स्त्रीला अंगावेगळं करता येत नाही असं मंगळसूत्रासारखं लेणं, आयुर्विमा पॉलिसीचे पैसे, भविष्यनिर्वाह निधी, पगाराचे पहिले १,००० रुपये आणि उरलेल्याचे दोनतृतीयांश. निकालाआधी शेतातलं उभं पीकही जप्त करता येत नाही. जमिनीला हे संरक्षण नाही. तिचा सातबारा, तुम्ही ती कधी आणि कितीला घेतली ते, आणि त्यावर सोसायटीचा बोजा असेल तर तोही, असं सगळं प्रतिज्ञापत्रात येऊ द्या. मशीनवर बँकेचा बोजा आहे ना? तोही लिहा, म्हणजे त्या मशीनवर आधीचा हक्क कोणाचा ते कोर्टाला दिसेल.

गाळ्याशेजारच्या मित्राचं म्हणणं मेहुण्यांइतकं चुकीचं नाही, पण अर्धवट आहे. व्हॉट्सॲपवर आलेली नोटीस कोर्ट खरी मानत नाही, म्हणून गेलं नाही तरी चालेल, या भरवशावर बसू नका. २०१८ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात न्या. गौतम पटेल यांनी क्रेडिट कार्डाच्या थकबाकीच्या प्रकरणात, व्हॉट्सॲपवर पाठवलेली पीडीएफ पोचली आणि उघडली गेली, हे निळ्या खुणांवरून धरलं होतं. तुम्ही तर उघडून मला पुढे पाठवलीत.

लवादाबद्दल बोलायचं तर पूर्वी फायनान्स कंपन्या स्वतःच लवाद नेमायच्या आणि एकाच टेबलावर शेकडो प्रकरणं निकाली निघायची. सर्वोच्च न्यायालयाने २०१९ च्या पर्किन्स ईस्टमन निकालात ठरवलं की ज्या पक्षाचा निकालात हितसंबंध आहे त्याला एकट्याने एकमेव लवाद नेमता येत नाही. तेव्हा कंपनीने परस्पर लवाद नेमल्याचं पत्र आलं तर लगेच लेखी हरकत घ्या. आणि 'नेमणुकीला माझी हरकत नाही' अशा कुठल्याही छापील कागदावर सही करू नका; वाद उद्भवल्यानंतर दिलेली लेखी संमती ही हरकतच घालवून बसते. पण हा मुद्दा लवादापुढचा आहे. कलम ९ चा आदेश न्यायाधीशांनी दिलाय, कंपनीच्या माणसाने नाही. लवाद चुकीचा नेमला म्हणून कोर्टात गैरहजर राहायचं कारण मिळत नाही, आणि गैरहजर प्रतिवादीविरुद्ध 'ए' आणि 'डी' मंजूर करून घेणं वकिलाला सगळ्यात सोपं जातं.

एक तारीख भिंतीवरच्या कॅलेंडरवर लिहून ठेवा. लवाद सुरू होण्याआधी असा आदेश मिळाला, तर आदेशापासून ९० दिवसांत लवादाची कार्यवाही सुरू झाली पाहिजे, असं २०१५ च्या दुरुस्तीने कलम ९ मध्ये घातलं आहे. सुरू झाली म्हणजे वाद लवादाकडे न्यायची लेखी मागणी तुमच्या हाती पडली. कोर्ट मुदत वाढवून देऊ शकतं, पण कंपनी आदेश मिळवून नुसती बसून राहिली तर तो उठवा म्हणायला तुम्हाला चांगला मुद्दा मिळतो. म्हणून प्रत्येक पाकिटावरची पोस्टाची तारीख जपा. लवाद एकदा बसला की अशा अंतरिम मागण्या एरवी त्याच्यापुढेच, कलम १७ खाली जातात.

मग करायचं काय? लढायचं, तारण द्यायचं की मिटवायचं? यातला एकच पर्याय निवडावा लागतो असं नाही, पण क्रम महत्त्वाचा.

आधी हिशेब. कंपनीकडून कर्जखात्याचा संपूर्ण उतारा लेखी मागा आणि तुमच्या सीएंकडून तपासून घ्या. मुद्दल किती, करारातलं व्याज किती, दंड किती, हे वेगळं काढा. रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ ला नियम काढला की हप्ता चुकल्याचा दंड व्याजदरात मिसळायचा नाही, वेगळा आकार म्हणून लावायचा आणि त्यावर पुन्हा व्याज चढवायचं नाही. नव्या कर्जांना तो १ एप्रिल २०२४ पासून लागू झाला, आणि जुनी कर्जं ३० जून २०२४ च्या आत त्यात आणायची होती. तुमची थकबाकी त्यानंतरची दिसते. दंडावर दंड चढलेला सापडला तर 'ए' मधला ३१ हा आकडा खाली येतो, आणि तारण मागायचं तर कशासाठी किती, हा प्रश्न न्यायाधीशांपुढे उभा राहतो. कोर्टात 'मी काहीच देणं लागत नाही' म्हणू नका. तुम्ही पैसे घेतलेत, वापरलेत, निम्मे-अधिक हप्ते फेडलेत. कंपनीने तुमच्यावर काही अन्याय केला असं तुमच्या पत्रावरून मला दिसत नाही. वाद आहे तो आकड्याचा आणि वेळेचा. तेवढाच मांडलात तर तुमचं ऐकलं जाईल.

उत्तरात ठळक असावं ते हे: धंदा चालू आहे, जीएसटीची विवरणपत्रं भरली जाताहेत, फ्लॅट-जमीन जागेवर आहे, कर्ज थकल्यापासून एकही मालमत्ता विकलेली नाही. हे वाक्य लिहिता यावं म्हणूनच मी मेहुण्यांवर एवढी शाई घालवली. चालू खातं गोठवण्याची 'डी' मागणी ऐकायला येईल तेव्हा वकिलांकरवी निदान एवढी मुभा मागा: कामगारांचे पगार, वीजबिल, गाळ्याचं भाडं, कर आणि मशीनच्या बँकेचा हप्ता. मशीन बंद पडली तर कंपनीचेही पैसे बुडतात, हे न्यायाधीशांना समजावून सांगावं लागत नाही.

आणि मग स्वतःहून काहीतरी देऊ करा. रोख ३१ लाख नाहीत हे उघड आहे, पण तारण म्हणजे रोखच, असं थोडंच आहे. निवाडा होईपर्यंत जमीन विकणार नाही अशी लेखी हमी कोर्टाला देता येते. म्हणजे ज्या जमिनीला तुम्ही दडवायला निघाला होतात तिच्याच जोरावर खाती मोकळी राहू शकतात. अडकलेली १९ लाखांची बिलं जशी वसूल होतील तसा त्यातला ठरावीक वाटा कोर्टात जमा करण्याची तयारीही दाखवता येते. स्वतः पुढे येऊन माफक देणारा माणूस पळून जाणारा वाटत नाही.

तडजोडीचं बोलणं यासोबतच सुरू ठेवा. ते वकिलामार्फत करा, पत्रावर 'हक्क अबाधित राखून' असं लिहा आणि वसुली एजंटाच्या हातात रोख एक पैसाही देऊ नका. हे एजंट सकाळी ८ च्या आधी किंवा संध्याकाळी ७ नंतर फोन करत असतील तर तेही रिझर्व्ह बँकेच्या नियमाविरुद्ध आहे. फोनची नोंद ठेवा. आकडा जमला की कंपनीचे वकील 'कन्सेंट टर्म्स'चा, म्हणजे कोर्टात दाखल करायच्या तडजोडीच्या अटींचा, मसुदा पाठवतील. इथे माझी तुम्हाला कळकळीची विनंती आहे की तो मसुदा सावकाश वाचा. त्यात बहुधा एक ओळ असते: प्रतिवादी ही रक्कम अमुक तारखांना भरण्याची हमी न्यायालयाला देत आहेत. कंपनीला दिलेलं वचन चुकलं तर कंपनी वसुली करते. न्यायालयाला दिलेली हमी चुकली तर न्यायालयाचा अवमान होऊ शकतो, आणि अटक होईल का हा तुमचा प्रश्न तिथे खऱ्या अर्थाने लागू होतो. दरवाज्याबाहेर सुटकेच्या आनंदात माणसं १२ हप्त्यांवर सही करतात आणि तिसऱ्या हप्त्याला पुन्हा तिथेच उभी राहतात. तुमच्या ग्राहकाने आजवर किती दिवसांनी पैसे दिलेत ते बघून हप्ते मागा. दोन हप्ते मागेपुढे झाले तर १५ दिवसांची सवलत, आणि शेवटच्या हप्त्यानंतर फ्लॅटवरची मनाई उठेल व नाहरकत पत्र मिळेल, ही दोन वाक्यं मसुद्यात नसतील तर घालून घ्या. तडजोडीत रक्कम सोडून दिली तर क्रेडिट रिपोर्टवर 'सेटल्ड' असा शेरा राहतो आणि पुढची काही वर्षं नवं कर्ज अवघड जातं, हेही धरून चाला.

सगळ्याचं मूळ मात्र त्या १९ लाखांत आहे, आणि त्याबद्दल तुमच्या चार पानी पत्रात दोनच ओळी आहेत. ग्राहक दुखावेल म्हणून तुम्ही त्याला साधी नोटीससुद्धा दिलेली नाही. तुमच्याकडे उद्यम नोंदणी (लहान उद्योगांची सरकारी नोंदणी) आहे ना? आणि ती हे काम देण्याआधीची आहे ना? मग २००६ च्या सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योग कायद्याप्रमाणे ४५ दिवसांपलीकडे त्याला पैसे अडवता येत नाहीत, अडवले तर रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट दराने, महिन्यागणिक चक्रवाढीने व्याज द्यावं लागतं. त्यासाठीच्या सरकारी पोर्टलवर अर्ज करून, अशी थकलेली बिलं ऐकणाऱ्या फॅसिलिटेशन कौन्सिलकडे जाता येतं. शिवाय सूक्ष्म-लघु पुरवठादाराचं मुदतीत न दिलेलं आणि वर्षअखेरही थकलेलं बिल ग्राहकाला आयकरात त्या वर्षीचा खर्च म्हणून धरता येत नाही. मार्चच्या आधी ग्राहकाच्या हिशेबनीसाला एक सभ्य पत्र गेलं तरी कधी कधी चेक निघतो. तुम्ही कौन्सिलकडे अर्ज केल्याची पोच उत्तराला जोडलीत, तर पैसे न देण्याची नियत आणि पैसे नसण्याची अडचण यांतला फरक कागदावर दिसेल. ग्राहक तुटेल ही भीती मला कळते. पण हा ग्राहक टिकवायचा खर्च सध्या तुमचं घर देतंय.

पहिल्या भेटीला वकिलाकडे जाताना आदेश, याचिका, कर्जकरार, परत मागणीची नोटीस आणि तिचं पाकीट, खात्याचा उतारा, तीन वर्षांची आयकर विवरणपत्रं, फ्लॅटचा इंडेक्स-२, जमिनीचा सातबारा आणि अडकलेल्या बिलांची यादी सोबत न्या. पत्नीलाही न्या. चार आठवडे पुरणार नाहीत असं वाटलं तर मुदत संपायच्या आत वाढ मागा, संपल्यावर नको. भोसरीहून मुंबईत फोर्टला प्रत्येक तारखेला जायची गरज पडेलच असं नाही. वकील हजर असले की बहुतेक तारखांना तुमची गरज नसते.

शेवटी, याच वाटेवर असलेल्या पण अजून कोर्टाचा कागद न आलेल्या वाचकांसाठी. हातात फक्त 'सगळं कर्ज परत करा' अशी नोटीस असेल तर आधी करारातलं लवादाचं कलम काढून वाचा, त्यात लवादाचं स्थळ कुठलं लिहिलंय ते पाहा. मुंबई, चेन्नई, दिल्ली, काहीही असू शकतं. तुम्ही राहता कोल्हापुरात म्हणून याचिका कोल्हापुरात येईल असं नाही. त्या ठिकाणच्या कोर्टात वकिलाकरवी कॅव्हिएट दाखल करून ठेवा. ते ९० दिवस चालतं, संपलं की पुन्हा टाकता येतं, आणि तुम्हाला न कळवता परस्पर आदेश घेणं त्याने अवघड होतं. नोटिशीला उत्तर द्या, हिशेबाचा वाद असेल तर तो त्यातच लिहा, आणि 'पुढच्या महिन्यात सगळे भरतो' असली व्हॉट्सॲपवरची आश्वासनं थांबवा. तीच याचिकेला जोडपत्र म्हणून लागतात.